तारीख छापतात, वेळ झाकतात : सांगलीतून पाहिलेली तीन डिजिटल गेम-दुकाने

संकष्टीला चंद्रोदय पाहताना आमच्या आईचे बोट दिनदर्शिकेवर मुंबईच्या आकड्याशी थांबत नाही. सांगलीचे नाव सापडेपर्यंत ते खाली सरकत राहते, कारण उपवास सांगलीत सोडायचा असतो. टीव्हीला जोडून गेम खेळायच्या यंत्रासाठी, म्हणजे कन्सोलसाठी, नवा गेम डिजिटल स्वरूपात विकत घेणाऱ्याला हीच सोय हवी असते आणि नेमकी तीच बहुतेक वेळा मिळत नाही. गेम निघण्याची तारीख मोठ्या अक्षरांत झळकत असते. त्या तारखेला आपल्या घड्याळात किती वाजता तो खेळता येईल, हे मात्र स्वतः शोधून काढावे लागते. मी सांगलीच्या विश्रामबागेत राहतो आणि गेली काही वर्षे सोनीचे प्लेस्टेशन, मायक्रोसॉफ्टचे एक्सबॉक्स आणि निन्टेन्डो या तिन्हींच्या डिजिटल दुकानांतून खरेदी करत आलो आहे. गेम चांगला की सुमार, चित्र किती सुंदर, सवलत किती मिळते, हे सारे बाजूला ठेवून येथे या दुकानांना एकच कसोटी लावली आहे : ज्याचे पैसे घेतले तो गेम सांगलीतल्या गिऱ्हाईकाला केव्हा खेळता येतो, आणि ती वेळ दुकान आधी सांगते का.

आधी मुळातली गोष्ट. मोठे गेम हल्ली निघण्याच्या काही दिवस आधीच कन्सोलवर उतरवून ठेवता येतात. याला प्रीलोड म्हणतात. म्हणजे माल घरात येऊन पडलेला असतो, पण किल्ली दुकानदाराकडे असते आणि ठरलेल्या क्षणी त्याचा सर्व्हर ती देतो. हा क्षण ठरवण्याच्या रीती दोन. पहिली चंद्रोदयासारखी, गावागणिक वेगळी : ज्या देशात जेव्हा मध्यरात्र होईल तेव्हा त्या देशातल्या गिऱ्हाइकांसाठी गेम उघडतो, त्यामुळे न्यूझीलंडचे लोक सगळ्यांत आधी खेळू लागतात आणि अमेरिकेचे सगळ्यांत शेवटी. दुसरी रीत चंद्रग्रहणासारखी : ग्रहण लागते तो क्षण साऱ्या पृथ्वीवर एकच असतो, फक्त तेव्हा कोणाकडे संध्याकाळ असते आणि कोणाकडे पहाट. कोणता गेम कोणत्या रीतीने निघणार हे प्रकाशक, म्हणजे तो गेम बाजारात आणणारी कंपनी, ठरवतो. दुकान ते पाळते. येथे आणखी एक मेख आहे, ती अशी की 'ज्या देशात' याचा अर्थ आपण बसलो आहोत तो देश असा दरवेळी होत नाही. काही ठिकाणी तो खात्यावर नोंदलेला देश असतो, काही ठिकाणी कन्सोलच्या सेटिंगमध्ये निवडलेला. तिन्ही दुकानांमधला खरा फरक येथून सुरू होतो.

प्लेस्टेशनपासून सुरुवात करतो, कारण सांगली-मिरज पट्ट्यात माझ्या ओळखीच्या बहुतेकांकडे तेच यंत्र आहे. प्लेस्टेशन 5 जगात नोव्हेंबर 2020 मध्ये आला आणि आपल्याकडे 2 फेब्रुवारी 2021 रोजी. यंत्राच्या बाबतीत आपण अडीच महिने मागे राहिलो. गेमच्या बाबतीत मात्र भारतीय खाते असलेला माणूस अमेरिकेच्या पुढे असतो, हे अनेकांच्या लक्षातच येत नाही. 'गॉड ऑफ वॉर रॅग्नारॉक' 9 नोव्हेंबर 2022 रोजी निघाला, तोही चंद्रोदयाच्या रीतीने, म्हणजे ज्याच्या त्याच्या मध्यरात्री. आदल्या दिवशी कार्तिक पौर्णिमा होती आणि चंद्र ग्रहण लागलेलाच उगवला होता. सहा वाजून एकोणीस मिनिटांनी ग्रहण सुटले, आईने आंघोळ करून स्वयंपाकाला हात लावला, आणि त्याच रात्री बारा वाजता गेम उघडला. तेव्हा न्यूझीलंडमध्ये तो साडेसात तास आधीच चालू झालेला होता, आणि न्यूयॉर्कमध्ये दुपारचा दीड वाजला होता, म्हणजे तिथल्या लोकांना आणखी साडेदहा तास थांबायचे होते. अमेरिकेत सोनीचे असे गेम पूर्व किनाऱ्याच्या मध्यरात्री देशभर एकदम उघडतात, त्यामुळे लॉस एंजेलिसच्या माणसाला ते आदल्या रात्री नऊलाच मिळतात.

(एक अवांतर : आपले प्रमाण घड्याळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाचे आहे आणि सांगली त्याच्या पश्चिमेला जवळजवळ आठ अंश, त्यामुळे घड्याळात बारा वाजतात तेव्हा सूर्याच्या हिशेबाने सांगलीची मध्यरात्र सरासरी अर्धा तास दूरच असते. मुंबईने तर 1955 पर्यंत आपली निराळी वेळ सांभाळली होती. ती टिकली असती तर सोनीला मुंबईकरांसाठी एकोणचाळीस मिनिटांचा वेगळा हिशेब ठेवावा लागला असता.)

'स्पायडर-मॅन 2' 20 ऑक्टोबर 2023 रोजी आला तेव्हा नवरात्र चालू होते. गुरुवारी रात्री भाचा मिरजेहून आला, येताना भडंगाची पिशवी घेऊन आला, आणि जेवण झाल्यावर आम्ही दोघे टीव्हीसमोर बसलो. गेम दोन दिवस आधीच उतरवून ठेवलेला होता. पडद्यावर गेमच्या चित्राशी उलटी मोजणी चालू होती. तासांची मिनिटे झाली, मिनिटांचे सेकंद. बाहेर कॉलनीतल्या देवीच्या मांडवात आरती संपून शेवटचा गजर चालला होता. मोजणी शून्यावर आली, भाच्याने बटण दाबले, आणि कोणतीही खळखळ न करता गेम सुरू झाला. ही मोजणी हीच प्लेस्टेशनची माझ्या दृष्टीने सर्वांत मोठी जमेची बाजू आहे. ती आपल्या घड्याळाप्रमाणे चालते, तिला गणित लागत नाही, आणि ती खोटी ठरल्याचे मी पाहिलेले नाही. डिस्क मागवली असती तर ती पुण्याहून कुरिअरने शुक्रवारी संध्याकाळी किंवा शनिवारी आली असती. 4,999 रुपये रुपयांतच भरायचे, परकीय चलनाचा प्रश्न नाही, आणि बारा म्हणजे बारा. लहान शहरात राहणाऱ्याला डिजिटल खरेदीने दिलेली ही बरोबरी मला फार मोलाची वाटते. मुंबईच्या माणसाला आणि मला गेम एकाच ठोक्याला मिळतो.

प्लेस्टेशनचा दोषही सांगितला पाहिजे. खाते उघडताना जो देश निवडला तो पुढे बदलता येत नाही. पंधरा वर्षांपूर्वी अमेरिकेच्या दुकानात जास्त गेम मिळतात असे ऐकून अनेकांनी खाती अमेरिकेची करून ठेवली. आता त्यांना गेम सांगलीच्या मध्यरात्री मिळत नाही. न्यूयॉर्कच्या मध्यरात्री, म्हणजे उन्हाळ्यात आपल्या सकाळी साडेनऊला आणि हिवाळ्यात साडेदहाला मिळतो. कन्सोलचे घड्याळ पुढे करून काही साधत नाही, कारण किल्ली सर्व्हरच्या घड्याळावर मिळते. नवे भारतीय खाते उघडायचे तर जुन्या खात्यावरची खरेदी आणि खेळून मिळवलेल्या ट्रॉफ्या तिथेच राहतात. दुबई किंवा अमेरिकेहून नातेवाइकांकडून डिस्क मागवणाऱ्यांनीही एक गोष्ट ध्यानात ठेवावी. प्लेस्टेशन 4 आणि 5 वर कुठल्याही देशाची डिस्क चालते हे खरे आहे, परंतु त्या गेमचा पुढे निघणारा जोडभाग डिजिटल घ्यायचा झाला तर तो डिस्कच्याच प्रदेशाचा असावा लागतो. अमेरिकन डिस्कवर भारतीय दुकानातून घेतलेला जोडभाग बसेलच असे नाही. मूळ गेम स्वस्तात मिळाला म्हणून आनंद मानणाऱ्याची पंचाईत अशी वर्षभराने होते.

एक्सबॉक्सचा स्वभाव नेमका उलटा, म्हणजे सैल. 2013 मध्ये एक्सबॉक्स वन जाहीर झाला तेव्हा तो सुरुवातीला फक्त 21 देशांत चालणार आणि दिवसातून एकदा तरी इंटरनेटला जोडावा लागणार असे मायक्रोसॉफ्टने सांगितले होते. गिऱ्हाइकांनी एवढी ओरड केली की त्याच जूनमध्ये दोन्ही अटी मागे घ्याव्या लागल्या. त्यानंतर मात्र या कंपनीने देशाच्या बाबतीत बराच मोकळेपणा ठेवला आहे. कन्सोलच्या भाषा आणि स्थान या सेटिंगमध्ये जाऊन आपण कुठे आहोत हे आपणच सांगायचे असते. त्यातून जगभर प्रसिद्ध झालेली 'न्यूझीलंडची युक्ती' जन्माला आली : स्थान न्यूझीलंड करायचे, यंत्र बंद करून चालू करायचे, आणि तिथली मध्यरात्र झाली की गेम खेळू लागायचे.

'एल्डन रिंग' हा या युक्तीचा उत्तम नमुना होता. तो 25 फेब्रुवारी 2022 रोजी निघाला आणि कन्सोलवर ज्याच्या त्याच्या मध्यरात्री उघडणार होता. फेब्रुवारीत न्यूझीलंडचे घड्याळ आपल्या साडेसात तास पुढे असते, त्यामुळे 24 तारखेला दुपारी साडेचार वाजता माझ्या विश्रामबागेतल्या खोलीत ऑकलंडची मध्यरात्र झाली. पेढीवरून लवकर सुटून घरी आलो होतो. आईने चहा आणून ठेवला आणि बाहेर एवढे ऊन असताना पडदे का ओढले म्हणून विचारले. न्यूझीलंडमध्ये रात्र आहे हे उत्तर तिला पटले नाही. गंमत अशी की संगणकावर हाच गेम ग्रहणाच्या रीतीने, जगभर एकाच क्षणी उघडला, आणि तो क्षण आपल्याकडे 25 तारखेच्या पहाटे साडेचारचा होता. म्हणजे एकाच गावात, एकाच गेमसाठी, एक्सबॉक्सवाल्याला तो दुपारी मिळू शकत होता, प्लेस्टेशनवाल्याला मध्यरात्री, आणि संगणकवाल्याला पहाटे.

ही युक्ती म्हणजे हमखास चालणारा मंत्र आहे असे समजून कोणी रजा टाकू नये. ती फक्त चंद्रोदयाच्या रीतीला लागू पडते. 'स्टारफील्ड' हा मायक्रोसॉफ्टचा स्वतःचा गेम 6 सप्टेंबर 2023 रोजी ग्रिनिच वेळेच्या मध्यरात्री सर्वत्र एकदम उघडला. आपल्याकडे पहाटेचे साडेपाच. 'हेलो इन्फिनिट' या गेमचा कथेचा भाग 8 डिसेंबर 2021 रोजी अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर सकाळी दहा वाजता खुला झाला, तेव्हा आपल्याकडे रात्रीचे साडेअकरा वाजले होते. येथे न्यूझीलंडला जाऊन काहीच हाती लागले नसते. शिवाय स्थान बदलले की दुकानातल्या किमतीही तिथल्या चलनात दिसू लागतात. काम झाल्यावर आठवणीने भारतात परत यावे. खात्याचा देश बदलणे ही निराळी गोष्ट आहे आणि ती तीन महिन्यांतून एकदाच करता येते, म्हणून त्या वाटेला या कामासाठी जाऊ नये. युक्ती चालते हे मला आवडते. परंतु दुकान म्हणून गुण देताना ती जमेत धरावी का, याबद्दल मी साशंक आहे. दुकानाचा दरवाजा नीट लागत नाही आणि त्यामुळे आपल्याला आत जाता येते, ही काही दुकानदाराने दिलेली सेवा नव्हे.

एकदम उघडणाऱ्या गेमची वेळ जाहीर होते ती बहुधा अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याच्या घड्याळात. सांगलीकराने येथे दोन-तीन आकडे पाठ करून ठेवावेत. त्यांच्याकडे सकाळचे दहा म्हणजे आपल्याकडे त्याच रात्रीचे साडेदहा. त्यांच्याकडे दुपारचे चार म्हणजे आपल्याकडे दुसऱ्या दिवशीची पहाट, साडेचार. हे मार्चच्या दुसऱ्या रविवारपासून नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारपर्यंत. उरलेल्या महिन्यांत त्यांचे घड्याळ एक तास मागे येते आणि आपले जागचे हलत नाही, म्हणून साडेदहाचे साडेअकरा होतात आणि साडेचारचे साडेपाच. 'डायब्लो 4' जून 2023 मध्ये निघाला तेव्हा त्यांच्याकडे 5 तारखेच्या दुपारचे चार वाजले होते आणि आपल्याकडे 6 तारखेचे पहाटेचे साडेचार. 5 जूनची रात्र जागून काढणाऱ्याला दूधवाल्याच्या आधी जेमतेम तासभर खेळायला मिळाले. तारीख बदलते हे विसरल्यामुळे एक दिवस आधीच तयारीत बसलेले लोकही मला माहीत आहेत.

असे का करतात, याची कारणे समजण्यासारखी आहेत. मध्यरात्रीची रीत दुकानांतल्या डिस्कच्या विक्रीतून आली. ठरलेल्या तारखेआधी डिस्क विकायची नाही असा दुकानदारांशी करार असे, मग डिजिटल गिऱ्हाइकालाही तीच तारीख. आणि देशादेशांनी एकामागून एक दरवाजे उघडले की सर्व्हरवरची झुंबडही विभागली जाते. उलट ज्या गेममध्ये सगळे जग एकाच मैदानात खेळणार, तिथे न्यूझीलंडवाल्यांना अठरा-वीस तासांची आघाडी देणे अन्यायाचे ठरते. कथेचा शेवट पहिल्या सात-आठ तासांतच चित्रफितींतून सर्वत्र पसरतो, हेही प्रकाशकांना नको असते. दोन्ही रीतींना माझी हरकत नाही. हरकत आहे ती कोणती रीत लागू आहे हे न सांगता पैसे घेण्याला. मी मार्केट यार्डात एका पेढीवर हिशेब पाहतो. 'उद्या हळदीचा सौदा आहे' एवढेच सांगून वेळ न सांगणाऱ्या अडत्याकडे दुसऱ्या दिवशी कोणी फिरकणार नाही, आणि तिथे तर कोणी आगाऊ पैसेही भरलेले नसतात.

या बाबतीत मला बसलेला चटका प्रकाशकाचे आणि दुकानाचे नाव न घेता सांगतो. एका गेमची महाग आवृत्ती मी घेतली, ती केवळ 'तीन दिवस आधी खेळा' या आश्वासनासाठी. पानावर तारीख होती, वेळ नव्हती. शुक्रवार लिहिला होता, म्हणून आम्ही गुरुवारची मध्यरात्र धरली. भाचा शेवटच्या बसने आला. बारा वाजले, कुलूप तसेच. साडेबारा वाजले, यंत्र बंद करून चालू केले, खात्यातून बाहेर पडून परत आत आलो. दोन वाजता भाचा सोफ्यावरच झोपला. गेम उघडला शुक्रवारी सकाळी साडेनऊला, न्यूयॉर्कच्या मध्यरात्री, तेव्हा तो कॉलेजात होता आणि मी पेढीवर. "मामा, म्हणजे आपण पैसे दिलेल्या तीन दिवसांतले साडेनऊ तास त्यांनीच खाल्ले की वो," हा त्याचा हिशेब माझ्या पेढीवरच्या कोणत्याही हिशेबाइतका चोख होता. तक्रार लिहिली, उत्तर आले की वेळ प्रदेशानुसार बदलू शकते. ते मलाही कळले होते.

जास्त पैसे घेऊन आधी खेळू देण्याची ही प्रथा हल्ली रुळली आहे. 'स्टारफील्ड'च्या महाग आवृत्तीवाल्यांना तो 1 सप्टेंबरलाच मिळाला होता. सांगलीत आधी येण्याचे अप्रूप कोणाला नाही, कारण आमच्या गणपती मंदिरात चोर गणपती भाद्रपद प्रतिपदेलाच येऊन बसतो, चतुर्थीच्या तीन दिवस आधी, गाजावाजा न करता. त्याच्या दर्शनाला वेगळे तिकीट लागत नाही, एवढा फरक.

निन्टेन्डोकडे वळताना मान्य करावे लागते की येथे आपण गिऱ्हाईक कमी आणि पाहुणे जास्त असतो. या कंपनीचे भारतासाठी डिजिटल दुकानच नाही. एकेकाळी 3डीएस या हातात धरून खेळायच्या यंत्रावर तिने इतके कडक कुलूप लावले होते की जपानचे कार्ट्रिज, म्हणजे गेम भरलेली छोटी डबी, अमेरिकेच्या यंत्रात चालत नसे. मार्च 2017 मध्ये आलेल्या स्विच या यंत्राने ते कुलूप काढले आणि कोणत्याही देशाचे कार्ट्रिज कुठेही चालू लागले. डिजिटल खरेदीत खाते ज्या देशाचे त्या देशाचे दुकान उघडते. एका यंत्रावर आठ जणांची खाती ठेवता येतात, आणि त्या यंत्रावर एका खात्याने घेतलेला गेम इतरांनाही खेळता येतो. माझ्या स्विचवर एक अमेरिकन आणि एक जपानी अशी दोन खाती आहेत.

याचा वेळेवर काय परिणाम होतो ते 'झेल्डा : टिअर्स ऑफ द किंगडम'च्या वेळी नीट दिसले. जगभर एकच तारीख होती, 12 मे 2023. जपानी दुकानात तो टोकियोच्या मध्यरात्री उघडला, म्हणजे सांगलीत 11 तारखेला रात्री साडेआठला. अमेरिकन दुकानात न्यूयॉर्कच्या मध्यरात्री, म्हणजे सांगलीत 12 तारखेला सकाळी साडेनऊला. एकाच यंत्रावर, एकाच टेबलावर, खाते बदलले की तेरा तासांचा फरक. मी तो अमेरिकन खात्यावर घेतला होता, कारण त्यात शिल्लक भरलेली होती. जपानी खात्यावर घेतला असता तर रात्रीच्या जेवणानंतर सुरू करता आला असता. किंमत 69.99 डॉलर, तेव्हाच्या भावाने जवळजवळ पावणेसहा हजार, वर कार्डाचे परकीय चलनाचे शुल्क. कार्डावर परदेशी व्यवहार आधी चालू करून घ्यावे लागतात, कारण 2020 पासून रिझर्व्ह बँकेच्या नियमाने नव्या कार्डावर ते बंदच असतात; ते विसरून ऐन वेळी धडपडणे हा माझा स्वतःचा दोष होता.

जपानी खात्याची ही वाट आता अरुंद झाली आहे. 25 मार्च 2025 पासून निन्टेन्डोच्या जपानी दुकानात जपानबाहेरची क्रेडिट कार्डे आणि पेपॅल खाती चालत नाहीत. जपानी गिफ्ट कार्ड मिळवावे लागते. 5 जून 2025 रोजी आलेल्या स्विच 2 ची तर जपानसाठी वेगळी आवृत्ती काढली, 49,980 येनांची, फक्त जपानी भाषेची आणि फक्त जपानी खाते जोडून घेणारी. सर्व भाषांची आवृत्ती तेव्हा तिथे 69,980 येनांना होती. टोकियोहून कोणी स्वस्तात आणून देतो म्हणाला तर आधी कोणती आवृत्ती हे विचारावे. 2017 मध्ये काढलेले कुलूप एका दरवाजाला परत लागले आहे. येन जोरात घसरला असताना परदेशी लोक स्वस्त यंत्रे उचलून नेऊ लागले तर जपानी गिऱ्हाइकांची अडचण होईल, हे कंपनीचे दुखणे मला समजते. पण आपल्यासारख्या पाहुण्याला त्यातून काही मिळत नाही.

तेव्हा फक्त वेळेच्या कसोटीवर पाहिले तर माझा कौल प्लेस्टेशनच्या भारतीय दुकानाला आहे, अट एकच की खाते भारताचे असावे. एक्सबॉक्स थोडे मागे. त्याची युक्ती नव्हे, तर रुपयांतले दुकान आणि त्याचा मोकळेपणा यांसाठी. निन्टेन्डो बरेच मागे, आणि ते गेमच्या दर्जामुळे नव्हे, तर आपल्या नावाचे दुकानच नाही म्हणून. तिघांनाही लागू पडणारी माझी मागणी मात्र साधी आहे : प्रीऑर्डरच्या, म्हणजे आगाऊ खरेदीच्या, बटणाखाली 'भारतीय वेळेनुसार अमुक वाजता' अशी एक ओळ पैसे भरण्याआधी दिसावी. उलटी मोजणी प्लेस्टेशनवर दिसते ती गेम यंत्रावर आल्यावर; तोवर पैसे गेलेले असतात, आणि डाउनलोड सुरू झालेला गेम सोनीच्या नियमानुसार सहसा परत देता येत नाही.

प्रीलोडबद्दल सांगलीपुरते एक सांगतो. 'स्टारफील्ड'सारखा गेम सुमारे 100 जीबीचा असतो. 100 एमबीपीएसची लाइन पूर्ण वेगाने चालली तर तो सव्वादोन तासांत उतरतो. संध्याकाळी सगळी कॉलनी मालिका आणि क्रिकेट पाहत असताना 40 चा वेग मिळाला तर साडेपाच तास लागतात, आणि पावसाळ्यात मध्येच वीज गेली तर राऊटर इन्व्हर्टरवर असूनही कन्सोल झोपतो. म्हणून उतरवण्याचे काम दोन रात्री आधी झोपण्यापूर्वी लावून द्यावे, आणि यंत्रात जागा मोकळी आहे का हे त्याच्याही आधी पाहावे. मध्यरात्री उघडणारा गेम साडेपाच वाजता उतरून झाला, तर सांगलीचा वेळ न्यूझीलंडच्या मागे नव्हे, स्वतःच्याच मागे राहतो.

रॉकस्टार या कंपनीने 'ग्रँड थेफ्ट ऑटो 6' या आपल्या गेमसाठी 19 नोव्हेंबर 2026 ही तारीख जाहीर केली आहे. गुरुवार आहे. भाच्याने आमच्या भिंतीवरच्या दिनदर्शिकेत तो चौकोन लाल पेनने घेरून ठेवला आणि चंद्रोदयाची वेळ जिथे छापतात तिथे बोट ठेवून, "मामा, इथं किती लिहू?" असे विचारले. अमेरिकेचे घड्याळ तेव्हा हिवाळ्यावर गेलेले असेल, एवढेच मी त्याला सांगितले. त्याने पेन्सिलीने तीन आकडे लिहिले आहेत, 12, 5.30 आणि 10.30, आणि त्यांतला नेमका कोणता खोडायचा नाही याची तो वाट पाहतो आहे.